गोव्यातला विवाहपूर्व वर्ग: करावा, पण सहा महिने आधी

हॉल, बँड, केटरर, सादो (नवरीचा लाल पोशाख) शिवणारी बाई, रोसाची (नारळाचा रस लावायच्या विधीची) तारीख हे सगळं वर्षभर आधी ठरलेलं असतं. चर्चचा विवाहपूर्व वर्ग मात्र ‘सर्टिफिकेट लागतं’ म्हणून शेवटच्या महिन्यात कसाबसा उरकला जातो. बार्देशातल्या एका पॅरिशच्या, म्हणजे स्थानिक चर्चच्या, हॉलमध्ये शनिवार-रविवार भरणारा वर्ग इथे परीक्षणाला घेतला आहे. फी नाममात्र, जेवण त्यातच. वर्ग चांगला आहे. पण तिथे कळणाऱ्या निम्म्या गोष्टींना मुदत आहे, आणि लग्नपत्रिका छापून झाल्यावर त्या कळल्या तर हाती फारसं काही लागत नाही.

पहिलं सत्र फादरांचं, विषय संमती. प्रवचन कमी आणि कामाचं जास्त. लग्नाआधी पॅरिशचे पाद्री दोघांनाही वेगवेगळं बसवून विचारपूस करतात, तिची तयारी इथे होते. 1983 च्या चर्च-कायद्यानुसार पुढे घडायच्या गोष्टीवर अट घालून केलेलं लग्न वैध ठरत नाही. ‘कॅनडाचा व्हिसा मिळाला तरच’ हे मनाशी धरून वेदीपुढे उभं राहणं त्यात मोडतं. मूल होऊच द्यायचं नाही असा पक्का निर्धार करून दिलेली संमती, घरच्यांच्या धाकाने दिलेली संमती, यांनीही लग्नाचा पायाच जातो. फादर हे उदाहरणं देऊन सांगतात आणि हॉलमधली कुजबुज थांबते.

त्याच सकाळी कागदपत्रांचं बोलणं होतं. बाप्तिस्म्याचा जुना, लॅमिनेट केलेला दाखला चालत नाही, नवा काढावा लागतो. कारण मूळ नोंदीच्या कडेला आधीच्या लग्नाचा शेरा आहे का, ते नव्या उताऱ्यातच दिसतं. जन्म एका पॅरिशमध्ये आणि घर दुसरीकडे असेल, तर आठवडे तिथेच जातात.

दुसऱ्या दिवशी दुपारी वकिलांचं सत्र असतं. वर्गातलं सर्वांत मोलाचं सत्र हेच, आणि ते जेवणानंतर, डोळ्यांवर पेंग असताना ठेवलंय! गोव्यात कॅथलिक जोडप्याने आधी सिव्हिल रजिस्ट्रारकडे जाऊन सही करायची, नोटीस लागते, मग तिथला दाखला पॅरिशला द्यायचा. चर्चमधलं लग्न झालं की त्याची नोंद सिव्हिल रजिस्टरात उतरवली जाते. पहिल्या सहीवर लग्न झालं असं धरून चालू नये. पुढची पायरी राहून गेली तर बायकोच्या हातात काहीच उरत नाही, हे वकील दोनदा सांगतात आणि ते योग्यच.

मग मालमत्ता. 1867 च्या पोर्तुगीज सिव्हिल कोडपासून चालत आलेला गोव्याचा नियम असा: वेगळा करार केला नसेल, तर दोघांचं लग्नाआधीचं, लग्नानंतरचं आणि वारशाने आलेलं सगळं एक होतं आणि अर्धं-अर्धं दोघांचं. घर विकायला दोघांची सही लागते. वेगळी व्यवस्था हवी तर लग्नाआधी रीतसर करारपत्र नोंदवावं लागतं. लग्नानंतर ते करता येत नाही, बदलताही येत नाही. वकिलांनी फळ्यावर मांडलेला हिशेब असा: घर 80 लाखांचं, म्हणजे प्रत्येकाचे 40. मुलं असतील तर प्रत्येकाला मृत्युपत्राने मनाप्रमाणे देता येतात फक्त 20. उरलेले 20 मुलांचे, मुलगा-मुलगी समान. ‘भावाला दिलं, बहिणीला सोनं घातलं’ हा हिशेब इथे टिकत नाही. करार करणं म्हणजे जोडीदारावर अविश्वास का, हा प्रश्न हमखास येतो. उत्तर सरळ मिळतं: चर्चचा आक्षेप लपवण्याला आहे, ठरवण्याला नाही.

कुटुंबनियोजनाचं सत्र एक नर्सबाई घेतात. 1968 पासून चर्चची भूमिका ठाम आहे. मुलं किती आणि कधी हे जोडप्याने जबाबदारीने ठरवावं, पण कृत्रिम साधनं वापरू नयेत. बाई कॅलेंडर मोजण्याची जुनी पद्धत पहिल्याच वाक्यात मोडीत काढतात, हे उत्तम. बीज जेमतेम दिवसभर टिकतं, शुक्रजंतू पाच दिवसांपर्यंत, म्हणून खूण शरीराकडूनच घ्यायची. बिलिंग्ज पद्धतीत स्राव ओला, निसरडा वाटण्याचा शेवटचा दिवस हा ‘पीक’. त्यानंतरचे तीन दिवस सोडून चौथ्यापासून संबंधांना काळ मोकळा. जोडीला तापमान घ्यायचं तर सकाळी उठण्याआधी, रोज एकाच वेळी. आधीच्या सहा दिवसांपेक्षा साधारण 0.2 अंश सेल्सियसने वर, सलग तीन दिवस, तेव्हा बीज सुटून गेल्याची खूण पटली. चुकतं कुठे? ताप आला, हॉटेलात रात्रपाळी असली, आदल्या रात्री फेणी झाली, की आकडा भरवशाचा राहत नाही. तक्ता हाताला बसायला तीनेक पाळ्या जातात. म्हणजे लग्नाच्या आधीच्या आठवड्यात शिकून उपयोग शून्य. पुरुषांनी या सत्रात मोबाइल बघू नये. पाळायचा संयम दोघांचा आहे, तक्ता भरण्याचं काम तेवढं एकटीच्या गळ्यात पडतं.

पैशांचा कागद ही या वर्गाची खरी करामत. एकच छापील पान दोघांना वेगवेगळं दिलं जातं, बसायचं एकमेकांकडे पाठ करून. पगार, कर्जाचा हप्ता, आईची औषधं, धाकट्याची फी, चर्चची वर्गणी, आणि एक ओळ अशी की ती इथल्याच माणसाला सुचावी: फेस्ताचा प्रेझिडेंट (चर्चच्या सणाचा खर्च उचलणारा यजमान) व्हायचं झालं तर किती खर्च मान्य? भरून झालं की पानं शेजारी ठेवायची. तो लिहितो पन्नास हजार, ती लिहिते ‘नको’. भांडण तिथेच सुरू झालं तरी बरं, हॉलमध्ये निदान समुपदेशक असतो.

कमी पडतं ते दोन ठिकाणी. जहाजावर काम करणाऱ्यांसाठी वेगळं काहीच नाही. गोव्यात अशी जोडपी इतकी असताना, नवरा सहा-नऊ महिने समुद्रावर आणि सून सासूच्या स्वयंपाकघरात, या घरासाठी एक तास तरी हवा.

दुसरं म्हणजे मिश्र विवाह. डिचोली-सत्तरीचा हिंदू मुलगा आणि म्हापशाची कॅथलिक मुलगी, हे आता नवलाचं नाही. नियम थोडक्यात पण बरोबर सांगितला जातो. धर्मांतराची सक्ती नाही. पॅरिशमार्फत बिशपांची सूट मागायची. मुलांना कॅथलिक म्हणून वाढवण्यासाठी शक्य ते सगळं करीन असं वचन कॅथलिक बाजूने द्यायचं, दुसऱ्याला त्याची स्पष्ट कल्पना द्यायची. पण घरातले प्रश्न तिथून पुढे. बाप्तिस्मा ठरला, मग बारसं? चवथीला सासरी माटोळीखाली (गणपतीवर टांगलेल्या फळा-पानांच्या चौकटीखाली) आरती चालू असताना तिने कुठे उभं राहायचं? यावर दहा मिनिटं, तीही हसण्यावारी. मुलाचे आईवडील ‘सक्ती नाही’ एवढंच ऐकून घरी जातात आणि वचनाचा भाग त्यांना बाप्तिस्म्याच्या आठवड्यात कळतो.

भाषा कोकणी, मध्ये इंग्रजी. ऐकायला अडचण नाही, पण पुस्तिका रोमी (रोमन) लिपीत आहे. देवनागरीत मराठी वाचणारा माणूस तिथे अक्षर अक्षर लावत बसतो. नाव नोंदवतानाच वकिलांच्या आणि मिश्र विवाहाच्या टिपणांची देवनागरी प्रत मागावी. वसईची मुलगी गोव्यात येणार असेल, तर मराठीतला वर्ग तिने तिच्याच पॅरिशमध्ये करावा, मात्र ते सर्टिफिकेट इथे चालेल का ते आधी पाद्रींना विचारून. वकिलांचं सत्र तरीही इथलंच ऐकावं. मालमत्तेचा हा कायदा वसईत कोणी शिकवणार नाही.