गाईड नाही, भाड्याची गाडी नाही: जळगावहून सकाळी जाऊन संध्याकाळी परत

पावसाळ्याच्या तोंडाशी सुरू केलेला हा प्रकार होळी आली तरी सुटलेला नाही, म्हणून आता लिहायला हरकत नाही. प्रकार साधा आहे. रविवारी सकाळी स्कूटर काढायची, मागे मोठ्या जाऊबाई, डिकीत पाणी आणि डबा, आणि दिवे लागायच्या आत घरी. टूरवाला नाही, माहिती सांगणारा कोणी नाही. ठिकाण लांबचं असेल तर स्कूटर स्टेशनच्या स्टँडवर लावायची, रेल्वेने जायचं आणि पुढे एसटी.

जळगाव यासाठी किती सोयीचं आहे हे जळगावकरालाच पटत नाही. त्याला फिरायला कुठे जायचं विचारा, सापुतारा म्हणेल, महाबळेश्वर म्हणेल. अहो, उत्तरेला तापी ओलांडली की समोर सातपुडा, दक्षिणेला अजिंठ्याचे डोंगर, आणि मधल्या सपाटीवर केळी नि कपाशी. दोन्हीकडचे डोंगर तास-दीड तासावर आहेत.

आधी निकाल सांगते. आपलं आपण फिरण्यात पैसे वाचतात हे खरं, पण खरा फायदा थांबता येण्याचा आहे. टूरच्या गाडीत ड्रायव्हर घड्याळ बघत असतो. तुम्हाला वाघूरच्या पुलावर दहा मिनिटं उभं राहायचं असेल तर बाकीचे तोंड वाकडं करतात. तोटाही तेवढाच स्पष्ट आहे. समोर काय आहे ते सांगायला कोणी नसतं आणि आपल्याकडचे फलक म्हणजे आनंदच. घरून वाचून गेलात तर सहल, नाहीतर नुसतं पेट्रोल जाळणं. माझ्याकडून पाचपैकी चार. एक गुण कशाचा कापला ते पुढे येईल.

सगळ्यात जास्त वसूल झालं ते अजिंठ्याला. साठेक किलोमीटर, नेरी, पहूर, वाकोद, फर्दापूर. लेणी संभाजीनगर जिल्ह्यात, पण जवळचं मोठं स्टेशन जळगाव, आणि तरी आपल्यातले निम्मे लोक शाळेच्या सहलीनंतर तिकडे फिरकलेले नसतात. लेणी सोमवारी बंद असतात, हे पाहुण्यांना आधीच सांगून ठेवा. आपली गाडी फर्दापूर फाट्यावरच ठेवावी लागते, पुढचे चार किलोमीटर एसटीच्या बसने. फाट्यावर दुकानांच्या रांगेतूनच जावं लागतं. "ताई, घेऊ नका, फक्त बघा" म्हणत दगडांचे गोळे हातात ठेवतात. हात मागे बांधून चाला, एवढंच सांगते.

आत गेल्यावर माझी पद्धत अशी. सगळे जण एक नंबरपासून सुरुवात करतात, त्यामुळे सकाळी तिथे चपलांचा ढीग पडलेला असतो. आम्ही सरळ शेवटाकडे, सव्वीस नंबरला जातो. डाव्या भिंतीला बुद्धाचं महापरिनिर्वाण आहे, जवळपास सात मीटर लांब, खाली रडणारे शिष्य. त्या वेळी तिथे कोणी नसतं. मग उलटं येत चोविसाव्यात थांबायचं. हे लेणं अर्धवट राहिलेलं आहे म्हणून गाईड लोक बहुतेकदा टाळतात, पण डोंगर कसा कोरत असतील ते कळतं ते इथेच. खांब अजून नुसते ठोकळे आहेत, छिन्नीचे घाव जसेच्या तसे. जाऊबाई सतराव्यातल्या रंगीत भित्तिचित्रांपेक्षा इथे जास्त वेळ रमल्या. "माय वं, वरून खाली कोरत आले म्हणजे परांचीच बांधावी लागली नाही की काय," म्हणाल्या. मला हे कोणत्याही पुस्तकात इतकं नीट कळलं नव्हतं.

सतराव्यात मात्र घाई करायची नाही. उन्हातून आत शिरलं की आधी काही दिसतच नाही, आणि लोक "अंधार आहे" म्हणून परत फिरतात. खांबाला न टेकता शांत उभं राहा, डोळे सरावू द्या. मग एकेक चेहरा पुढे येतो. फ्लॅश मारायला मनाई आहे, तरी एखादा मारतोच, आणि आपले सरावलेले डोळे पुन्हा शून्यावर. दहा नंबरचं चैत्यगृह सगळ्यात जुन्यांपैकी, इसवी सनाच्या आधीचं. इथल्या एका खांबावर जॉन स्मिथ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने आपलं नाव आणि 28 एप्रिल 1819 ही तारीख कोरून ठेवली आहे. शिकारीला आला होता, समोरच्या डोंगरावरून त्याला ही कमान दिसली. म्हणजे लेण्यांवर नाव कोरायची खोडही आपल्या कॉलेजच्या पोरांची नाही, बरीच जुनी आहे. तो जिथून बघत होता तो पॉइंट समोरच आहे. पायात त्राण असेल तर चढा. वाघूरने घेतलेलं घोड्याच्या नालेसारखं वळण आणि त्यात ओळीने बसलेली लेणी, हे तिथूनच एका नजरेत येतं. गुडघे दुखणाऱ्यांनी खालीच सावली धरावी. जाऊबाईंनी धरली.

दुसरी आवडती जागा पाटणादेवी. चाळीसगावपर्यंत रेल्वेने, तिथून अठराएक किलोमीटर. एसटी मोजक्याच असतात, म्हणून परतीची वेळ स्टँडवर आधी विचारून घ्या. गौताळा अभयारण्याच्या कुशीत चंडिकादेवीचं हेमाडपंती देऊळ आहे, मागे उभे कडे, पावसाळ्यात धवलतीर्थाचा धबधबा. बहुतेक लोक नवस फेडतात, नारळ फोडतात आणि निघतात. पण हे पाटण म्हणजे गणिती भास्कराचार्यांशी जोडलेलं गाव. त्यांचा नातू चांगदेव यादव राजा सिंघणाच्या दरबारी ज्योतिषी होता. त्याने आजोबांच्या ग्रंथांचा अभ्यास चालावा म्हणून इथे मठ काढला. त्याचा शिलालेख 1207 सालचा. लेख संस्कृतात आहे आणि शेवटचा भाग चक्क मराठीत: गावच्या बाजारात विकायला येणाऱ्या मालातला किती वाटा मठाला द्यायचा, त्याचा हिशेब. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो उजेडात आणला. गणिताच्या शाळेचा खर्च बाजारकरातून चालवायचा, आणि तो दगडावर लिहून ठेवायचा! यातलं काहीही तिथे कोणी तुम्हाला सांगणार नाही. हे घरून वाचून गेलो म्हणून त्या ओसरीवर बसण्याला अर्थ आला.

पाटण्याला पावसाळ्यात जाताना मात्र डोकं ठिकाणावर ठेवा. 31 ऑगस्ट 2021 ला तितूर आणि डोंगरी या नद्यांना आलेल्या पुराने चाळीसगाव कसं धुऊन काढलं ते इकडच्या लोकांच्या अजून डोळ्यांसमोर आहे. वर डोंगरात पाऊस पडतो, खाली ऊन असतं, आणि नाला एकदम फुगतो. एकदा आम्ही ओळखीच्यांची स्कूटर घेऊन निघालो होतो. रस्त्यावरच्या चहावाल्या बाबांनी हात केला, "ताई, कथा चालनात? नालाले पानी ऊनं शे, गाडी आठेच ठेवा." म्हणजे नाल्याला पाणी आलंय, गाडी इथेच ठेवा. मोबाईलवरचा नकाशा त्या वेळी निळी रेघ दाखवून पुढे चला म्हणत होता. आम्ही बाबांचं ऐकलं.

नकाशाचा हाच तर कापलेला गुण. हायवे सोडेपर्यंत नकाशा उत्तम. गावात शिरलं की त्याला जवळचा रस्ता शोधायची खाज सुटते, आणि तो तुम्हाला कुणाच्या तरी केळीच्या शिवारात, पाणंद रस्त्यावर नेऊन सोडतो. पावसानंतर ती काळी माती चाकाला आणि मडगार्डला अशी बसते की चाक फिरायचंच थांबतं. काडीने उकरून काढावी लागते. सातपुड्याच्या पायथ्याला रेंजही जाते. म्हणून नकाशा घरीच उतरवून ठेवते, आणि शेवटच्या चार-पाच किलोमीटरला टपरीवर चहा घेते. चहाबरोबर रस्ता फुकट मिळतो.

सातपुड्याकडच्या जागा ऋतू बघून. ममुराबाद, विदगाव, तापीचा पूल, धानोरा, अडावद ही चोपड्याची वाट मला गाडी चालवायला सगळ्यात आवडते, दोन्हीकडे केळी असल्याने दुपारीही थोडा गारवा वाटतो. मात्र केळीचे ट्रक भरून निघतात तेव्हा कडेने चला. मनुदेवीला श्रावणात धबधबा पडतो, पण रविवारी तिथे जत्राच असते, पार्किंगपासून ढकलाढकली. शनिवार अर्धा दिवस मोकळा मिळत असेल तर तेव्हा जा. उनपदेवला थंडीत. अडावदच्या पुढे डोंगराच्या पायथ्याशी गोमुखातून गरम पाणी पडतं. पौषातल्या सकाळी स्कूटरवर बोटं आखडलेली असताना त्या धारेखाली हात धरले की जे काही वाटतं, त्यासाठी तेवढं अंतर मंजूर आहे. भोवतालचा कचरा मात्र बघवत नाही.

चांगदेव नावाच्या गावाला आम्ही अर्ध्या दिवसात जाऊन येतो. भुसावळ, तिथून मुक्ताईनगरकडे. तापी-पूर्णेचा संगम, दगडी देऊळ, पलीकडे मेहूणला मुक्ताबाई. हतनूर धरणाचं फुगवट्याचं पाणी इथपर्यंत येतं, त्यामुळे हिवाळ्यात पात्र भरलेलं आणि पाण्यावर बदकं. दुर्बीण असेल तर घ्या. देवळाच्या बाहेरच्या भिंतीवरची नक्षी बघायला कोणी थांबत नाही, थांबा. पद्मालयाबद्दल लिहिण्यासारखं नवं काही नाही. तळं, कमळं, डाव्या-उजव्या सोंडेचे दोन गणपती. चतुर्थी सोडून गेलात तर निवांत आहे.

रेल्वेने चाळीसगावला गेलात आणि परतीच्या गाडीला वेळ असेल तर स्टेशनजवळ केकी मूस यांचं घर आहे. 1912 ते 1989. परदेशात शिकून आलेला हा फोटोग्राफर पुढे आयुष्यभर या घरातच राहिला, बाहेर जवळजवळ पडलाच नाही. टेबलावर कापूस, काड्या, रांगोळी असं काहीबाही मांडून त्याने बर्फाळ डोंगरांचे फोटो काढले. ते फोटो डोळ्यांनी बघेपर्यंत मला खोटं वाटत होतं.

खर्चाचं बोलायचं तर स्कूटरच्या दिवसाला पेट्रोल, तिकीट, चहा धरून दोघींचं पाचशेच्या आत भागतं. एसटीत बायकांना अर्धं तिकीट आहे, तो हिशेब आणखी खाली येतो. जाऊबाईंच्या आईंना तर पंचाहत्तरी उलटल्यामुळे फुकट. त्या एकदा पाटण्याला आल्या आणि आता दर रविवारी फोन करून विचारतात. डबा घरचाच. अपवाद हिवाळ्याचा, कारण तेव्हा परतताना भरीत खायचं असतं. कपाशीच्या काड्यांवर भाजलेली बामणोदची हिरवी वांगी, बडगीत म्हणजे लाकडी कुटणीत ठेचलेली, सोबत कळण्याची भाकरी. दुपारच्या डब्याला त्या दिवशी सुट्टी.

बायकांनी जाताना एक अडचण धरून चालावी: स्वच्छतागृह. अजिंठ्याला ठीक आहे. बाकी ठिकाणी कुलूप, नाहीतर पाणी नाही. एका पेट्रोलपंपावर किल्ली मागितली तर "साहेबांकडे आहे" असं उत्तर मिळालं, आणि साहेब जळगावला. आम्ही आता निघायच्या आधी आणि मोठ्या गावातल्या स्टँडवर उरकून घेतो, डोंगराकडे जाताना पाणी बेताने पितो. हे सल्ला म्हणून चांगलं नाही, मला माहीत आहे. पण खरं हेच आहे. छेडछाडीचा त्रास आम्हाला झाला नाही. दोघी आहोत, उजेडात परततो, आणि गावात शिरताना आधी बाईशी बोलतो.

आता ऋतू उतरणीला लागलाय. एप्रिल-मे मध्ये पारा पंचेचाळिशीला टेकतो, डांबर चपलेला चिकटतं, तेव्हा स्कूटर घरात. त्या दोन महिन्यांत अजिंठ्याला जायचंच असेल तर पहिल्या बसला फाट्यावर हजर राहा आणि दुपारच्या आत बाहेर पडा. मृगाचा पाऊस पडून माती जरा बसली की पुन्हा सुरू.

नंदुरबारकडचं थंड हवेचं तोरणमाळ का नाही, असं बरेच जण विचारतात. जळगावहून ते एका दिवसाचं काम नाही. शहाद्यापर्यंतच अर्धा दिवस जातो, मग घाट, आणि यशवंत तलावावर पोचेपर्यंत परत निघायची वेळ. रात्री तो घाट स्कूटरवर उतरू नका. तिकडे जायचं तर मुक्कामाची सोय करून, शक्यतो एसटीने, आणि त्याचं वेगळं लिहीन तेव्हा जाऊबाईंना विचारूनच लिहीन, कारण बेत त्यांचा आहे.