मंडईच्या दिवसांत कोणता मूकपट लावावा: ‘वे डाऊन ईस्ट’ की ‘सनराइज’?

दिवाळी सरली की आमच्या वडसा-लाखांदूरकडे, म्हणजे पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत, मंडया (गावजत्रा) भरतात आणि रात्र-रात्र नाटकं रंगतात. झाडीपट्टीच्या प्रेक्षकाला कौटुंबिक नाटक नवं नाही. फसवलेली लेक, तुटलेलं घर, सगळं रडून-हसून पाहतो आणि सकाळी धानाच्या कामाला लागतो. नाटक नसलेल्या एखाद्या रात्री मूकपट दाखवायचा, तर खरा मान बाबूराव पेंटरांच्या १९२५ च्या ‘सावकारी पाश’चा. सावकारापायी जमीन गमावणारा शेतकरी, आणि त्या भूमिकेत तरुण व्ही. शांताराम! आज तो मूकपट उपलब्धच नाही, याची हळहळ जात नाही.

म्हणून हे दोन अमेरिकन मूकपट.

दिग्दर्शक मुर्नाऊचा ‘सनराइज’ (१९२७) दाखवायला सोपा. दीड तासाचा, पाट्या (पडद्यावर येणारा लिखित मजकूर) मोजक्या, संगीत त्याच्या सोबतच येतं. शहरातून आलेल्या बाईच्या नादी लागून एक शेतकरी घर बुडवतो. सावकारांनी शेत धुऊन नेलं, हे सांगायला गोठ्यातलं जनावर बाहेर नेताना दिसतं, बस्स. मग बायकोला पाण्यात ढकलायचा बेत. नाव मध्यावर थांबते, तो जागचा उठतो, आणि बायको झालेली जेनेट गेनर नुसते हात जोडते. मालगुजारी तलावात डोंग्यातून फिरलेल्या माणसाला त्या शांत पाण्याची भीती लगेच कळते.

स्वतः तरून जावं म्हणून त्यानं पाणगवताच्या जुड्या लपवून आणलेल्या असतात. पण त्याच्या हातून ते होत नाही, शहरात बायको त्याला माफ करते, आणि परतताना वादळात त्याच जुड्या तो तिच्या अंगाला बांधतो. रात्री कंदील घेऊन शोध चालतो तेव्हा सुटलेल्या काड्या पाण्यावर तरंगताना दिसतात. हे पाहायला गच्च काळोख हवा. मंडईच्या दिव्यांच्या उजेडात चादरीवर काहीच उमटत नाही.

एक गोष्ट मात्र मला आजही खटकते. आमच्या अंगणात दहा-बाराजणींनी तो पाहिला, आणि पहिला प्रश्न आला, “काहून माफ केलं वो तिनं? तेही एका दिवसात?” मला उत्तर देता आलं नाही.

दिग्दर्शक ग्रिफिथचा ‘वे डाऊन ईस्ट’ (१९२०) जवळजवळ अडीच तासांचा. पाट्या भरपूर, मधला गावठी विनोद लांबलेला. ती दृश्यं पुढे ढकलली तरी चालतं. पण लिलियन गिशची अ‍ॅना! खोट्या लग्नानं फसवलेली, भाड्याच्या खोलीत एकटी बाळंत झालेली. बाळ जगणार नाही असं दिसतं तेव्हा ती स्वतःच पाणी घेऊन त्याचा बाप्तिस्मा करते. पुढे डॉक्टर सांगतात तोवर तिला कळतच नाही की मांडीवरचं लेकरू गेलं आहे.

पुढे ती बार्टलेटांच्या शेतावर कामाला राहते. तिचं गुपित फुटतं आणि मालक तिला घराबाहेर काढतो. जाण्याआधी, जेवणाच्या टेबलाशी मानाचा पाहुणा म्हणून बसलेल्या फसवणाऱ्याकडे ती सगळ्यांसमोर बोट दाखवते. माझं मन या मूकपटाकडे झुकतं ते इथे. नंतर नदीतल्या बर्फाच्या लादीवरून ती वाहत जाते, हात आणि केस पाण्यात लोंबत असतात. बर्फाची नदी आमच्याकडे कुणी पाहिली नसेल, पण वैनगंगेचा पूर सगळ्यांनी पाहिला आहे.

घरच्या अंगणात, पंधरा-वीस माणसांत बसणार असाल तर ‘सनराइज’ लावा आणि नंतर बोलायला वेळ ठेवा. गर्दी असेल तर डोळे झाकून ‘वे डाऊन ईस्ट’. फक्त पाट्या आधी मराठीत उतरवून घ्या आणि माईकवर वाचायला नाटकात काम केलेली एखादी बाई बसवा; सपाट आवाजात वाचलं तर अर्धी मंडळी उठून जातील. मध्यंतर बाळाच्या दृश्यानंतर लगेच नको. अ‍ॅना बार्टलेटांच्या दारात येऊन काम मागते, तिथे थांबवा.