कॉर्नर बॅक की विंग बॅक?

हर्लिंगमध्ये, म्हणजे काठी आणि चेंडूच्या आयरिश खेळात, पंधराच्या संघात बचावाचे सहा जण. तरुण बचावपटूची कारकीर्द कुठल्या वाटेने जाणार, हे बरेचदा पाठीवरच्या आकड्यावर ठरतं: २ किंवा ४ म्हणजे कॉर्नर बॅक (गोलजवळ, कोपऱ्यात), ५ किंवा ७ म्हणजे विंग बॅक (त्याच्या पुढच्या ओळीत, कडेला).

कॉर्नर बॅकचं काम दिसायला साधं, पण चुकीला माफी नाही. मागे मोकळी जागा आणि गोलरक्षक, बस्स. स्लिओटर (चेंडू) लांबून येतो तेव्हा फॉरवर्डच्या (समोरच्या आक्रमकाच्या) मागे राहिलात तर तो झेलून वळतो. फार पुढे धावलात तर चेंडू डोक्यावरून जातो आणि गोल, म्हणजे थेट ३ गुण. इथे खरं शस्त्र हुक: फॉरवर्डने हर्ली (खेळायची काठी) मागे नेली की आपली हर्ली एका हाताने लांबवून त्याचा फटका अडवायचा. नवखे इथे हर्लीऐवजी हातावर मारतात आणि फ्री (समोरच्या संघाला मोकळा फटका) देऊन बसतात. आयर्लंडमधल्या लिमरिक काउंटीच्या संघाचा शॉन फिन याच जागेवर मोठा झाला.

विंग बॅकला धावणं जास्त, हवेतला झेल महत्त्वाचा, आणि लांबून गुण मारायची मुभा. लिमरिकचाच डिअरमिड बर्न्स ५ नंबरवर खेळून २०२२ चा सर्वोत्तम हर्लर ठरला. त्याच्या लांब पल्ल्याच्या फ्री सगळ्यांना ठाऊक. धोका एवढाच, पुढे गेल्यावर मागची जागा कुणीतरी भरायला हवी.

वेग आहे पण फटका कच्चा? कॉर्नर. सत्तर मिनिटं पळायचा दम आणि उंच झेल असेल तर विंग. मात्र कॉर्नरचं कौतुक कमी होतं, हे आधीच पचवून ठेवावं.