फ्रीकॅड १.०: जॉबवर्कच्या गाळ्यात काही महिने वापरून झाल्यावर

फ्रीकॅड हे यंत्राच्या भागांची थ्रीडी मॉडेलं आणि ड्रॉइंगं काढायचं सॉफ्टवेअर फुकट आहे हे एव्हाना सगळ्यांना ठाऊक आहे, त्यामुळे त्याचं कौतुक करत बसत नाही. ते कामाचं आहे का, एवढंच सांगतो. रबाळे एमआयडीसीत आमचा छोटा गाळा आहे. दोन लेथ, एक व्हीएमसी (संगणकाने चालणारं उभं मिलिंग मशीन), ड्रिलिंग-टॅपिंग आणि मागच्या बाजूला थोडं फॅब्रिकेशन. बेअरिंग हाउसिंग, पुलीचे हब, फिक्स्चरच्या प्लेटा, पॅनेलचे ब्रॅकेट असलं काम येतं. विमानाचे पार्ट आमच्याकडे कोणी आणत नाही. आधी सगळं टूडीत काढायचो, थ्रीडी लागलं तर बाहेरून करून घ्यायचो. फ्रीकॅडची १.० आवृत्ती नोव्हेंबर २०२४मध्ये आली. प्रकल्प सुरू झाला २००२ साली, म्हणजे १.० हा आकडा गाठायला त्यांनी दोन दशकांहून जास्त वेळ घेतला. आता नवी कामं आम्ही यातच करतो.

पायऱ्या कुठल्याही पॅरामेट्रिक (माप बदललं की आकार बदलणाऱ्या) सॉफ्टवेअरच्या असतात तशाच. पार्ट डिझाइन वर्कबेंच (एका प्रकारच्या कामाच्या हत्यारांचा विभाग) उघडा, बॉडी तयार करा, तीनपैकी एक प्लेन निवडून त्यावर स्केच काढा, बंद आकाराला पॅड देऊन जाडी द्या, मग त्यावर पुढचं स्केच आणि पॉकेट, म्हणजे कापून काढलेला भाग. व्हिडिओत हे दहा मिनिटांत होतं आणि बघणाऱ्याला वाटतं, जमलं. खरा वेळ जातो तो स्केचमध्ये, आणि माझ्या मते जायलाही तिथेच हवा.

आमचं नेहमीचं एक हाउसिंग घेऊ. ६२०५ बेअरिंगसाठी, म्हणजे आतला डाया (व्यास) २५ मिलिमीटर, बाहेरचा ५२, रुंदी १५. खाली ९५ बाय ९५ची प्लेट, १२ जाड. चार कोपऱ्यांत एम८ बोल्टसाठी ९ मिलिमीटरची भोकं, सेंटर टू सेंटर ७५. प्लेटसाठी आयत काढलात की आडव्या-उभ्या रेषांचे कॉन्स्ट्रेंट (अटी) सॉफ्टवेअर स्वतःच लावतं, पण तरी चार गोष्टी मोकळ्या राहतात. लांबी, रुंदी, आणि आयत बसलाय कुठे त्याची दोन मापं. फ्रीकॅड हे बाजूच्या पॅनेलमध्ये आकड्यात सांगतं, आणि त्या आकड्यावर क्लिक केलं की काय मोकळं आहे तेही उजळून दाखवतं. समोरासमोरचे दोन कोपरे मूळबिंदूभोवती सिमेट्रिक केले की दोन गेले. लगतच्या दोन बाजू समान केल्या की एक गेला. ९५ लिहिलं की शेवटचा गेला आणि सगळं स्केच हिरवं झालं. एकच माप टाइप केलं आणि चौकोन बरोबर मध्यावर. १.०मध्ये मापाचं एकच एकत्रित हत्यार आहे, डी दाबायचं आणि रेष निवडायची. आडवं माप, उभं माप, त्रिज्या असली वेगवेगळी बटणं शोधत फिरावं लागत नाही.

आता भोकं. इथे दोन वाटा आहेत आणि दोन्हींनी स्केच हिरवं होतं. एक वाट अशी की प्लेटच्या कडेपासून १० मिलिमीटर आत भोक. ९५मधून दोन्हीकडचे दहा वजा केले की ७५ येतात, हिशोब बरोबर. दुसरी वाट म्हणजे मध्यावर ७५चा एक कन्स्ट्रक्शन चौकोन (नुसत्या संदर्भाचा, पार्टमध्ये न येणारा) काढायचा आणि त्याच्या कोपऱ्यांवर वर्तुळं बसवायची. आज दोन्ही मॉडेल एकसारखी दिसतात. उद्या गिऱ्हाईक म्हणतं, प्लेट जरा मोठी करा, १०० करा. पहिल्या वाटेने गेलेल्याची भोकं ८०वर सरकली. गिऱ्हाइकाच्या फ्रेमवर तर ७५च आहेत, ती कुठे जाणार? दुसऱ्या वाटेने गेलेल्याची प्लेट वाढली, भोकं जागेवर राहिली.

म्हणून आमच्याकडे आयटीआय करून आलेल्या मुलाला मी सुरुवातीपासून एकच गोष्ट सांगतो: हिरवं म्हणजे पक्कं झालं, बरोबर झालं असं नव्हे. आकार हलणार नाही एवढीच सॉफ्टवेअरची हमी आहे. हे माप कुठून धरायचं, ते पार्ट कुठे बसणार आणि मशीनवर कसा मोजला जाणार यावरून ठरतं, आणि ते ठरवण्याचं काम सॉफ्टवेअर तुमच्यासाठी करत नाही. फ्रीकॅडबद्दल मला आवडलेली सगळ्यात मोठी गोष्ट हीच की ते हा प्रश्न टाळू देत नाही. टूडीत मी रेषा ओढायचो आणि माप कुठून द्यायचं ते शेवटी, डायमेन्शन टाकताना ठरवायचो. इथे आकार काढतानाच ठरवावं लागतं.

की-वेचं उदाहरण तर याहून चांगलं. की म्हणजे शाफ्ट आणि हब एकत्र फिरावेत म्हणून मध्ये बसवलेला तुकडा, की-वे ही त्याची खाच. २५च्या बोअरला (मधल्या गोल भोकाला) ८ बाय ७ची की लागते. हबमधली खोली ३.३, पण ती ३.३ मोजणार कशी? बोअर गोल, की-वेच्या तोंडाशी सपाट जागाच नाही. म्हणून प्रत्येक टर्नर समोरच्या भिंतीपासून मोजतो: २५ अधिक ३.३, म्हणजे २८.३. ड्रॉइंगवरही तेच हवं. स्केचमध्ये मी बोअरच्या वर्तुळावर एक बिंदू टाकतो, तो केंद्राच्या बरोबर खाली उभ्या रेषेत बांधतो आणि तिथून की-वेच्या माथ्यापर्यंत २८.३ देतो. केंद्रापासून १५.८ दिलं तरी आकार तोच येतो, स्केच हिरवंही होतं. पण १५.८ हा आकडा व्हर्निअरवर कोणालाच दिसणार नाही. आमचे लेथवाले काका ड्रॉइंग हातात घेतल्या घेतल्या विचारतात, "हे मी मोजू कुठून?" त्या प्रश्नाचं उत्तर स्केचमध्येच असलं की ड्रॉइंग काढताना डोकं खाजवावं लागत नाही.

आकाराला अशा अटींनी बांधायची कल्पना काही नवी नाही. आयव्हन सदरलँडने १९६३मध्ये एमआयटीत स्केचपॅड सादर केलं, त्यात लाइट पेनने पडद्यावर रेषा काढून त्यांना समांतर, लंब अशा अटी लावता यायच्या. आमच्या गाळ्यात ती सोय पोचायला साठ वर्षं लागली, असो.

लेथच्या कामांना मी पॅडऐवजी रिव्हॉल्व्ह वापरतो. अर्धा प्रोफाइल काढायचा आणि अक्षाभोवती फिरवायचा. यात एक त्रास आहे. अर्ध्या प्रोफाइलमध्ये माप अक्षापासून जातं, म्हणजे त्रिज्या, आणि लेथवर सगळं डायात चालतं. त्यामुळे मी मापाच्या चौकटीत २६ न लिहिता बरोबरचं चिन्ह देऊन ५२/२ लिहितो. ते सूत्र म्हणूनच जतन होतं आणि नंतर फाइल उघडणाऱ्याला ५२ दिसतात. अशी मापं बरीच झाली तर स्प्रेडशीट वर्कबेंचमध्ये तक्ता करून पेशींना नावं द्यायची आणि स्केचमध्ये ती नावं वापरायची. ६२०५चं हाउसिंग ६२०६चं करायचं झालं तर तक्त्यात डाया ६२ आणि रुंदी १६ टाकली की बहुतेक पार्ट आपोआप सरकतो. बहुतेक म्हणालो, कारण बॉसचा (प्लेटवरच्या, बेअरिंग धरणाऱ्या गोल उंचवट्याचा) बाहेरचा डाया ७० तसाच ठेवला तर ७०मध्ये ६२चं बोअर जाऊन भिंत फक्त ४ मिलिमीटर उरते, आणि ते सॉफ्टवेअर सांगत नाही.

होलचं वेगळं फीचर आहे, ते जरूर वापरा. नुसती वर्तुळं पॉकेट करण्यापेक्षा एम८ निवडून टॅपिंगचं भोक घेतलं की ६.८चं ड्रिल लक्षात ठेवावं लागत नाही, काउंटरबोअरही (बोल्टचं डोकं बसायचा खड्डा) तिथेच मिळतो. खरे आटे मॉडेलमध्ये कोरायचा पर्याय आहे, तो मात्र बंदच ठेवा. फाइल जड होते आणि टॅप मारणाऱ्याला त्याचा काडीचा उपयोग नाही. गोलात भोकं हवी असतील तर एक भोक करून पोलर पॅटर्न द्या, म्हणजे नंतर चाराची सहा करायला एक आकडा बदलला की झालं. फिलेट (कडेची गोलाई) आणि चॅम्फर (कडेचा तिरका काप) सगळ्यात शेवटी.

शेवटी का, यामागे या सॉफ्टवेअरची जुनी दुखरी नस आहे. आत प्रत्येक कडेला, प्रत्येक पृष्ठभागाला क्रमांक असतो. आधीच्या पायरीत बदल केला की हे क्रमांक बदलायचे, आणि बाराव्या कडेवर दिलेलं फिलेट भलत्याच कडेवर जाऊन बसायचं किंवा पुढचं सगळं झाड (पायऱ्यांची यादी) लाल व्हायचं, म्हणजे चुकायचं. १.०च्या आधी बरेच लोक याच कारणाने पळाले. १.०मध्ये त्यावर मोठं काम झालंय आणि फरक जाणवतो. तरी मी नवं स्केच शक्यतो तयार पृष्ठभागावर न चिकटवता मूळ प्लेनवर काढतो आणि ऑफसेट देतो. आधीच्या भागाची कड हवीच असेल तर एक्स्टर्नल जिऑमेट्रीने (बाहेरची कड स्केचमध्ये संदर्भ म्हणून घ्यायची सोय) आणतो, पण मोजकी.

ड्रॉइंगसाठी टेकड्रॉ वर्कबेंच आहे. इकडे फर्स्ट अँगल (समोरचं, वरचं, बाजूचं दृश्य कागदावर मांडायची एक पद्धत) चालतो, तो प्रेफरन्समध्ये एकदा बघून घ्या. परदेशी गिऱ्हाइकाची थर्ड अँगलची ड्रॉइंगं बघायची सवय झाली की डावं-उजवं उलटं व्हायला वेळ लागत नाही. शीटचा टेम्प्लेट एसव्हीजी असतो, आम्ही इंकस्केप या चित्रं काढायच्या सॉफ्टवेअरमध्ये आमचा टायटल ब्लॉक (नाव-तपशिलाची चौकट) बसवून घेतला. टॉलरन्स (मापात चालणारा फरक) प्रत्येक मापाला वेगळा देता येतो. ५२ एच७ म्हणजे अधिक ०.०३०, वजा शून्य. ते ड्रॉइंगवर येतं, पण मॉडेलमध्ये बोअर ५२.०००च राहतं. तुम्ही नुसती स्टेप फाइल (थ्रीडी मॉडेल एका सॉफ्टवेअरमधून दुसऱ्यात न्यायचा प्रकार) पाठवली आणि समोरच्याने त्यावरून टूलपाथ (मशीनच्या हत्याराचा मार्ग) काढला, तर टॉलरन्स त्याला दिसत नाही. म्हणून स्टेपसोबत पीडीएफ ड्रॉइंग जातंच, हा आमच्याकडे नियम आहे. मॉडेल बदलल्यावर ड्रॉइंगवरच्या मापांवरूनही एकदा नजर फिरवा, एखादं माप आपली कड सोडून बसलेलं असतं.

पत्र्याच्या कामासाठी शीट मेटल हे जोड-वर्कबेंच ॲडऑन मॅनेजरमधून घ्यावं लागतं. ब्रॅकेट दुमडून काढा, अनफोल्ड करा (उलगडून सपाट करा), डीएक्सएफ ही टूडी फाइल काढून लेझरवाल्याला द्या. तुर्भ्याच्या आमच्या लेझरवाल्याला फाइल आवडते, कारण भोकांची वर्तुळं वर्तुळंच येतात. के-फॅक्टर (पत्रा दुमडताना किती ताणतो ते मोजायचा आकडा) मात्र बेंडिंगवाल्याला विचारूनच टाका, त्याच्या डायवर आणि पंचवर तो ठरतो.

आता उणं. फ्रीकॅडच्या पोटात ओपनकॅस्केड हे भूमितीचं इंजिन आहे, आणि गुंतागुंतीच्या कोपऱ्यांवर ते फिलेटला नाही म्हणतं. तीन वेगळ्या त्रिज्या एका कोपऱ्यात भेटल्या की हमखास. त्रिज्या किंचित कमी करा, क्रम बदला, कधी जमतं, कधी फिलेट सोडूनच द्यावं लागतं. कास्टिंगच्या पॅटर्नवाल्यांना, प्लॅस्टिकच्या मोल्डवाल्यांना हे चालणार नाही. ठाण्यात वागळे इस्टेटमध्ये मोल्डचं काम करणारा एक मित्र आहे, त्याला मी हे घे म्हणून सांगितलं नाही आणि सांगणारही नाही. असेम्ब्ली वर्कबेंच १.०पासून मूळ सॉफ्टवेअरमध्येच आलंय. दहा-वीस पार्टांच्या फिक्स्चरला पुरतं, पूर्ण मशीन त्यात जोडायला मी जाणार नाही. सॉलिडवर्क्सची मूळ फाइल उघडत नाही, स्टेप मागवावी लागते आणि स्टेपमध्ये फीचरचं झाड येत नाही, नुसता ठोकळा येतो. डीडब्ल्यूजीसाठी (ऑटोकॅडच्या फाइलसाठी) वेगळा कन्व्हर्टर बसवावा लागतो.

वर्कबेंचांची यादी बघून नवा माणूस घाबरतो हेही खरं. पार्ट आणि पार्ट डिझाइन अशी दोन वेगळी वर्कबेंच आहेत, दोन्हींच्या काम करण्याच्या पद्धती वेगळ्या, आणि सुरुवातीला त्यांची सरमिसळ झाली की काहीच धड होत नाही. पहिले काही आठवडे पार्ट डिझाइन, स्केचर आणि टेकड्रॉ एवढंच उघडायचं, बाकीच्यांकडे ढुंकून बघायचं नाही. पहिल्यांदा सुरू केल्यावर एकक आणि माउसची पद्धत विचारतं. ज्या सॉफ्टवेअरचा हात बसलाय त्याची निवडा, फुशारकीने नवी शिकायला जाऊ नका.

लायसन्स एलजीपीएल आहे, म्हणजे धंद्यासाठी वापरायला आडकाठी नाही. कितीही संगणकांवर चढवा, विंडोज असो वा लिनक्स. एका गाळ्यात ऑफिसच्या टेबलावर एक आणि मशीनजवळ एक अशी दोन ठिकाणी तीच फाइल उघडता येणं ही आमच्यासाठी खरी सोय ठरली. काका आता मशीनजवळच मॉडेल फिरवून बघतात आणि चष्मा वर करून विचारतात, "ह्या बाजूची चॅम्फर सुटली का मुद्दाम ठेवली नाही?" फाइल एफसीस्टीडी या प्रकारात जतन होते आणि आधीची प्रत सोबत बॅकअप म्हणून राहते. किती प्रती ठेवायच्या तो आकडा प्रेफरन्समध्ये वाढवता येतो, आम्ही वाढवलाय.