प्रादेशिक योजना की गावची स्वतंत्र? ठराव लिहिण्याआधी

गावाला पिण्याचं पाणी कुठल्या योजनेतून घ्यायचं, हा विषय ग्रामसभेत निघाला की अर्धी सभा ‘धरणाचं पाणी’ म्हणत उभी राहते. मीही त्यातलाच. आमचं गाव आधी प्रादेशिक योजनेवर, म्हणजे धरणातून अनेक गावांना मिळून पाणी देणाऱ्या योजनेवर होतं, नंतर आम्ही स्वतःची विहीर केली. पाणीपुरवठा समितीत मी दोन्ही वेळेला होतो, म्हणजे दोन्हीकडचं पाणी प्यायलोय.

प्रादेशिक योजनेचं खरं सुख उद्भवाचं, म्हणजे पाणी जिथून येतं त्या जागेचं. धरणात आरक्षण असतं, तुरटी-क्लोरीनची काळजी दुसरं कुणी करतं. भूजल सर्वेक्षणवाल्यांनी तुमच्या शिवारात विहिरीला नकार दिला असेल किंवा पाण्यात फ्लोराइड असेल, तर पुढचं वाचूच नका, प्रादेशिकच घ्या.

अडचण पुढे आहे. अशा योजना बहुधा राज्याचं जीवन प्राधिकरण बांधतं, जिल्हा परिषद चालवते, योजनेच्या शिखर समितीत सगळ्या गावांचे सरपंच बसतात आणि वसुली ग्रामपंचायतींनी करायची. आमच्या योजनेत बावीस गावं, आम्ही जलवाहिनीच्या शेपटाला. मार्चअखेर घरोघर फिरून पाणीपट्टी गोळा केली, भरली, पावती घेतली. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात नळ कोरडे. ग्रामसेवक म्हणाले, शाखा अभियंत्यांना विचारा. अभियंता म्हणाले, पंप ठणठणीत आहेत, जॅकवेलची (धरणातलं पाणी उचलायच्या विहिरीची) वीज तोडलीय. वीजवाले म्हणाले, थकबाकी आहे. कुणाची? ‘योजनेची.’ मी पावती पुढे केली. साहेबांनी चष्मा कपाळावर चढवून ती वाचली, घडी घालून परत दिली. मीटर एकच, त्यामुळे भरणारं गाव आणि बुडवणारं गाव त्यांच्या लेखी सारखंच. अकरा दिवस टँकर. चुकलं कुणाचं म्हणावं, तर प्रत्येकाचं म्हणणं आपापल्या जागी बरोबर होतं. मला नेमकं तेच सोसलं नाही.

स्वतंत्र योजनेतही भानगडी आहेतच. मोटार जळते, तीही लग्नसराईत. वीजबिल आपलंच. केंद्राच्या जलजीवन मिशनमध्ये माणशी रोज ५५ लिटरचा हिशेब, आणि गावातल्या कामाच्या १० टक्के लोकवर्गणी (डोंगरी, वनभागातल्या आणि अनुसूचित जाती-जमातींची वस्ती जास्त असलेल्या गावांना ५). ती गोळा करताना सोयरेधायरे तुटायची वेळ येते. पंधराव्या वित्त आयोगाच्या बंधित (ठरावीक कामांनाच वापरायच्या) निधीतला पाण्याचा वाटा दुरुस्तीला कामी आला, एवढा आधार.

तुमच्याकडचे बाकीचे सरपंच पैसे भरणारे असतील, तर माझा अनुभव तुम्हाला लागू होणारही नाही. म्हणून आधी गावनिहाय थकबाकीची यादी मागा. ती द्यायला टाळाटाळ झाली तर काय समजायचं ते समजा. आणि आपली टाकी जलवाहिनीवर कितवी आहे, तेही नकाशात बघून घ्या.

आमची विहीर यंदा मे महिन्यात तळाला गेली, दिवसाआड पाणी सोडावं लागलं. बायका हंडे घेऊन थेट माझ्या ओट्यावर आल्या. मला नको नको ते ऐकवलं, पण कुठल्या दारात जायचं हे तरी त्यांना कुणाला विचारावं लागलं नाही.