जोहान्सबर्गची इतिहास टूर: गाडी लेट, पण गाइडकाका एक नंबर

ऑफिसच्या कामाने जोहान्सबर्गला गेले होते, एक रविवार मोकळा मिळाला म्हणून ही टूर बुक केली. गाडी पाऊण तास लेट आली, फोन केला तर कोणी उचलेना, त्याचा एक स्टार कापलाय. पण गाइडकाका भेटले आणि राग गेला.

आधी बोईपाटोंगला, म्हणजे जोहान्सबर्गच्या दक्षिणेच्या एका कृष्णवर्णीय वस्तीत नेलं. 17 जून 1992 च्या रात्री इथे 45 जणांना मारलं, मग मंडेलांच्या पक्षाने गोऱ्यांच्या सरकारशी वर्णभेदी राजवट संपवायची बोलणी बंद केली, आणि ऑगस्टमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने निरीक्षक पाठवायचं ठरवलं. त्या मिशनचं नाव उनोम्सा. सुरुवातीला जेमतेम 50 माणसं, कुणाकडे बंदूक नाही. मोर्चे, सभा, मयतसुद्धा, जिथे भडका उडेल तिथे जाऊन उभं राहायचं. काका म्हणाले, "बाहेरचं कोणी बघतंय म्हटलं की हात उगारणारा जरा कचरायचा, दर वेळी नाही, पण कचरायचा." एप्रिल 1994 च्या, सगळ्या वर्णांच्या लोकांना मत देता आलेल्या पहिल्या मतदानापर्यंत हे निरीक्षक दोन हजारांच्या वर गेले.

मग त्यांनी फायलीतून मतपत्रिकेची रंगीत झेरॉक्स काढली. 18 पक्ष छापलेले, प्रत्येकापुढे नेत्याचा फोटो, आणि तळाला इंकाथा या झुलू पक्षाचा स्टिकर, कारण ते मतदानाला आठवडा उरला असताना निवडणूक लढवायला तयार झाले आणि तोवर छपाई उरकली होती! मी तो कागद कितीतरी वेळ हातात धरून बसले. काकांनी पहिलं मत तेव्हाच दिलं, चाळिशी उलटल्यावर.

10 मेला मंडेलांचा शपथविधी झाला आणि 27 जूनला सुरक्षा परिषदेने ठराव 930 करून मिशन बंदच केलं. मी विचारलं, काका, एवढ्या लवकर कशाला गेले, थोडे दिवस थांबायचं ना? क्वाझुलू-नाताळ प्रांतात तर त्यानंतरही माणसं मरत होती, हे त्यांनीच आधी सांगितलेलं. ते म्हणाले, "सरकार आम्ही निवडलं, आता जाब पण आम्हीच विचारणार." मला हे शंभर टक्के पटलं. मतदान नीट होईस्तोवर राहिले आणि लोकांचं सरकार आल्यावर उगाच मुक्काम वाढवला नाही, हे मला त्या सगळ्या कामातलं सगळ्यात मोठं वाटतं.

जेवणाला फार कमी वेळ देतात, डबा न्या. जूनमध्ये गेलात तर स्वेटर हवाच, आणि बोईपाटोंगला फोटो काढायच्या आधी तिथल्या लोकांना विचारा.