ओटीटीचे पासवर्ड सांभाळायला बिटवॉर्डन ॲप वापरतोय, फुकट असूनही एक नंबर

ओटीटी अकाउंट हॅक झालं म्हणतात तेव्हा बहुतेक वेळा कंपनीचा सर्व्हर कोणी फोडलेला नसतो, भलत्याच कुठल्यातरी साइटवरून लीक झालेला ईमेल-पासवर्ड उचलतात आणि तोच सगळीकडे लावून बघतात, लागला की गेलं अकाउंट. 2024 मध्ये अमेरिकेत रोकू या स्ट्रीमिंग कंपनीची 5 लाख 76 हजार अकाउंट्स अशीच उघडली गेली, मग त्यांनी सगळ्यांनाच टू-फॅक्टर (पासवर्डनंतर आणखी एक पडताळणी) लावून टाकलं. म्हणजे पासवर्ड कितीही अवघड असू दे, तोच चार ठिकाणी असेल तर उपयोग शून्य.

म्हणूनच बिटवॉर्डन आवडलं. प्रत्येक साइटला वेगळा पासवर्ड तेच बनवतं, तेच लक्षात ठेवतं, फ्री प्लॅनमध्ये कितीही पासवर्ड आणि कितीही डिव्हाइस चालतात, शिवाय ओपन सोर्स आहे, म्हणजे त्याचा कोड कोणालाही तपासता येतो.

पण मला सगळ्यात भारी वाटलं ते ऑटोफिल, म्हणजे लॉगिनच्या पानावर पासवर्ड आपोआप भरणं. आईला मेसेज आला होता, "तुमचं पेमेंट अडकलंय, सबस्क्रिप्शन बंद होईल", लिंक उघडली तर हुबेहूब नेटफ्लिक्सचं पान, तोच लाल रंग, तोच लोगो, पण बिटवॉर्डनने पासवर्ड सुचवलाच नाही कारण वरचा पत्ता वेगळा होता. आई म्हणाली, "अरे, हे आज भरत का नाहीये?" आणि तिथेच थांबली. माणसाचा डोळा फसतो हो, पण हे ॲप पत्ता जुळल्याशिवाय पासवर्ड पुढे करतच नाही.

टीव्हीच्या रिमोटने लांबलचक पासवर्ड टाकायचा म्हणजे वैताग, त्यासाठी पासफ्रेजचा पर्याय निवडा, साधे इंग्रजी शब्द मध्ये डॅश देऊन येतात, टाकायला खूपच सोपं. जिओहॉटस्टारला मोबाईलवर ओटीपी येतो तिथे याची गरजच नाही. पण ज्या ईमेलवर ही सगळी अकाउंट्स आहेत त्याचा पासवर्ड सगळ्यात आधी बदला आणि टू-फॅक्टर लावा, कारण ईमेल हातात आला की बाकी सगळं रीसेट करता येतं. आणि नेटफ्लिक्सचा बदलताना सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट करायची टिक काढू नका, नाहीतर आत बसलेला आतच राहतो.

बिटवॉर्डन उघडायचा मास्टर पासवर्ड विसरलात तर कंपनीसुद्धा तो काढून देऊ शकत नाही, त्यांच्याकडे तो नसतोच, तेव्हा कागदावर लिहून कपाटात ठेवा. फ्रीमध्ये शेअरिंग फक्त दोघांत होतं, नवरा-बायकोला पुरतं, मोठ्या घराला 6 जणांचा फॅमिली प्लॅन घ्यावा लागेल. माझ्याकडून साडेचार स्टार.